मुक्या पडद्याला मराठी वाचा

हिंगोली जिल्ह्यातील नर्सी हे गाव संत नामदेवांचे जन्मस्थान म्हणून परंपरेने पूज्य मानले जाते. त्याच जिल्ह्यात औंढा येथे नागनाथाचे प्राचीन देवालय असून, त्याविषयी एक कथा वारकऱ्यांच्या तोंडी आहे. देवळासमोर चाललेल्या कीर्तनाने पूजेत व्यत्यय येतो म्हणून नामदेवांना तेथून उठवून पाठीमागे घालविण्यात आले; त्यांनी तेथेच कीर्तन मांडले आणि अखेर देऊळच फिरून त्यांच्या सन्मुख झाले. कथेची ऐतिहासिक छाननी येथे प्रस्तुत नाही. परंतु ज्या समाजाने ही कथा इतकी शतके जपली, त्याच्या जीवनात श्रवणाला केवढे स्थान होते, हे तिच्यावरून उघड होते. पोथी वाचू शकणारा गावात एखादाच. पण नामदेव, जनाबाई, एकनाथ, तुकाराम हे ज्याला अक्षरओळख नाही त्यालाही पाठ. मराठी बोलपटाचा इतिहास सांगताना कंपन्या, यंत्रे आणि नटनट्या यांची नावे प्रथम येतात, ते योग्यच आहे. तथापि पडद्याला वाचा फुटण्यापूर्वीच ती ऐकणारा कान येथे तयार होता, ही गोष्ट ध्यानात घेतल्याखेरीज त्या इतिहासाचा नीट उलगडा होत नाही.

दादासाहेब फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ मुंबईच्या कोरोनेशन थिएटरात ३ मे १९१३ रोजी लोकांपुढे आला. तेथपासून सुमारे अठरा वर्षे आपला सिनेमा मुका होता. मुका म्हणजे निःशब्द नव्हे. पडद्याखाली पेटी-तबला चाले, लढाईच्या प्रसंगी ढोल बडवला जाई, आणि मधूनमधून पडद्यावर अक्षरे उमटत. ही अक्षरे एकाच पाटीवर दोनतीन लिपींत असत, आणि त्यामुळे एकच चित्रपट मुंबईत, मद्रासेत, कलकत्त्यात आणि पेशावरात सारख्याच सुखाने चाले. ज्याला वाचता येई तो शेजाऱ्यांसाठी मोठ्याने वाची. ज्याला येत नसे तो हावभावांवरून कथा ओळखी. मूकपटाला स्वतःची अशी भाषा नव्हती, हेच त्याचे बळ होते. नटाची मातृभाषा कोणती, त्याचे उच्चार कसे, हे विचारण्याचे कोणास कारणच पडत नसे.

ध्वनी आला आणि हा प्रश्न एका रात्रीत सर्वांपुढे उभा राहिला.

अमेरिकेत वॉर्नर बंधूंचा ‘द जॅझ सिंगर’ १९२७ च्या ऑक्टोबरात न्यूयॉर्क येथे लागला. त्यातील आवाज चित्रफितीवर नव्हता. तो मोठ्या तबकड्यांवर मुद्रित केलेला असून, चित्र आणि तबकडी एकाच वेगाने चालविली जात. ही योजना फार नाजूक होती. फीत मध्येच तुटली आणि चार बोटे तुकडा कापून ती जोडली, की पुढे ओठ एक बोलत आणि आवाज दुसरेच बोले. म्हणून लवकरच तबकडी मागे पडली आणि ध्वनीचेही छायाचित्र घेण्याची रीत सर्वत्र आली. नटाचा आवाज ध्वनिग्राहकातून विजेच्या प्रवाहात जातो. त्या प्रवाहाबरोबर एक प्रकाशरेखा कमीजास्त होते. आणि ती चित्रांच्या शेजारी फितीच्या कडेवर एका बारीक पट्टीत उमटते. थिएटरातील यंत्रात ह्याच क्रिया उलट्या क्रमाने घडून पट्टीचा पुन्हा आवाज होतो. मूकपटाच्या काळी हाताने दांडी फिरविणारा यंत्रचालक आपल्या लहरीप्रमाणे वेग कमीजास्त करी व त्याचे फारसे बिघडत नसे. आता वेग बदलला तर राजाचा आवाज पोराचा होई. म्हणून सेकंदाला चोवीस चित्रे हा वेग कायमचा ठरून गेला.

हिंदुस्थानात पहिला बोलपट तयार केला तो मुंबईच्या इंपीरिअल कंपनीच्या आर्देशीर इराणी यांनी. ‘आलम आरा’ १४ मार्च १९३१ रोजी मॅजेस्टिक सिनेमात झळकला. त्याची भाषा हिंदी-उर्दू होती आणि कथा पारशी रंगभूमीवरील एका नाटकाची. स्टुडिओजवळून आगगाडीचे रूळ गेलेले असल्यामुळे बरेचसे चित्रण रात्री, गाड्यांची वर्दळ थांबल्यावर करावे लागले, ही हकीकत प्रसिद्धच आहे. तीहून बोधक गोष्ट आहे त्यातील नायकाची. मास्टर विठ्ठल हा मूकपटाच्या काळातील अतिशय लोकप्रिय, तलवारबहाद्दर मराठी नट. आपली जुनी कंपनी सोडून तो ह्या चित्रासाठी आला, त्यावरून खटला झाला, आणि त्याच्या वतीने बॅरिस्टर महंमदअली जीना उभे राहिले व जिंकले. इतके सायास करून मिळविलेल्या ह्या नटाचे उर्दू उच्चार मात्र बोलपटाला चालण्याजोगे नव्हते. त्यामुळे हिंदुस्थानच्या पहिल्या बोलपटाच्या नायकाला बराच वेळ अर्धवट शुद्धीत, न बोलता काढावा लागला! भाषेचा अडसर प्रथम कोणाला आणि कसा लागला, ह्याचे याहून बोलके उदाहरण मिळणे कठीण. इतर अनेकांचेही तेच झाले. सुलोचना ह्या नावाने गाजलेल्या रूबी मायर्स हिला काही काळ बाजूस राहून हिंदी शिकावे लागले. ती शिकली आणि परत आली. ज्यांना हे साधले नाही ते दिसेनासे झाले.

‘आलम आरा’नंतर प्रत्येक भाषेला आपला बोलपट हवासा झाला. त्याच वर्षी एप्रिलात बंगाली आणि ऑक्टोबरात तमिळ बोलपट निघाला. १९३१ साली देशात अठ्ठावीस बोलपट तयार झाले. त्या साली मूकपटांची संख्या अद्याप दोनशेच्या घरात होती. परंतु १९३४ नंतर मूकपट निघण्याचे जवळजवळ थांबलेच. तीन वर्षांत एक संपूर्ण कला मावळली.

मराठीचा मान कोल्हापूरकडे गेला. १ जून १९२९ रोजी तेथे पाच भागीदारांनी प्रभात फिल्म कंपनी काढली: व्ही. शांताराम, विष्णुपंत दामले, फत्तेलाल, केशवराव धायबर आणि सीतारामपंत कुलकर्णी. यांपैकी कुलकर्णी हे सराफ, त्यांनी भांडवलाची बाजू सांभाळली; बाकीचे चौघे बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत हाताने काम करून शिकलेले. ह्या मंडळींचे मोठेपण असे की पडदे रंगविणे, देखावे उभारणे, कॅमेरा चालविणे, फिती धुणे यांपैकी कोणतेच काम त्यांना परके नव्हते. बोलपट हे चार दिवसांचे वेड आहे, असे शांताराम यांचे आरंभी मत होते, असे सांगतात. तसे असल्यास ते मत त्यांनी त्वरित बदलले. दामले यांनी ध्वनिमुद्रणाचे अंग हाती घेतले आणि ‘अयोध्येचा राजा’ उभा राहिला. ६ फेब्रुवारी १९३२ रोजी तो मुंबईत मॅजेस्टिकमध्येच लागला.

विषय पुन्हा हरिश्चंद्राचाच. हा योगायोग म्हणावा, की मराठी मनाचा त्या सत्यवचनी राजावरील लोभ म्हणावा? फाळक्यांच्या हरिश्चंद्राची तारामती होती साळुंके नावाचा, एका उपाहारगृहात काम करणारा तरुण. कारण त्या काळी ह्या कामासाठी स्त्री मिळणे अशक्य झाले होते. एकोणीस वर्षांनी तारामती झाल्या दुर्गाबाई खोटे. मुंबईच्या प्रतिष्ठित लाड घराण्यातील आणि महाविद्यालयात शिकलेल्या. त्यांच्या सिनेमात येण्याने केवढी खळबळ उडाली, ह्याची आजच्या वाचकाला कल्पना येणार नाही. ह्या निवडीत ध्वनीचा वाटा मोठा होता. मूकपटात साळुंके पदर घेऊन तारामती होऊ शके. बोलपटात तारामतीला विलाप करावयाचा, मुलाला हाक मारावयाची, गावयाचे. शुद्ध, सुसंस्कृत मराठी बोलणाऱ्या स्त्रीची गरज पडद्याला प्रथमच भासली.

हरिश्चंद्राचे काम केले गोविंदराव टेंबे यांनी, आणि संगीतही त्यांचेच. टेंबे म्हणजे ‘मानापमान’ नाटकाच्या पदांना १९११ साली चाली देणारे, पेटीवादनात अग्रगण्य आणि गंधर्व नाटक मंडळीच्या संस्थापकांपैकी एक. बोलू लागलेल्या पडद्याने पहिला हात पुढे केला तो संगीत रंगभूमीकडे, आणि तिने आपला एक उत्तम माणूस त्याला दिला. बाबूराव पेंढारकर गंगानाथ झाले आणि मास्टर विनायक नारद.

हे चित्र कोणत्या अडचणींतून पार पडले असेल, ह्याची कल्पना त्या काळच्या रीतीवरून येते. पार्श्वगायनाची युक्ती १९३५ साली कलकत्त्यास निघाली; तोपर्यंत नट गात असे ते चित्रण चालू असतानाच. वादक मंडळी कॅमेऱ्याच्या दृष्टीआड, झाडामागे वा खांबामागे, बसत. ध्वनिग्राहक एका जागी टांगलेला. त्याच्यापासून दोन पावले दूर गेले की आवाज पडे, म्हणून नटाने फिरावयाचे नाही. कॅमेऱ्याची घरघर ऐकू येऊ नये म्हणून त्यालाही कोंडावयाचे. मूकपटात दिग्दर्शक चित्रण चालू असता ओरडून सूचना देई; आता सर्वांनी श्वास रोखून उभे राहावयाचे. एखादी चिमणी चिवचिवली तरी सारे पुन्हा. मूकपटाने वीस वर्षांत जी चपळाई मिळविली होती ती पहिल्या बोलपटांनी गमावली, आणि आज ते पाहताना जो एक प्रकारचा अवघडलेपणा जाणवतो त्याचे कारण हेच. त्यात अभिनयाची रीतही नाटकाची. शेवटच्या रांगेतील प्रेक्षकाला ऐकू जावे असा आवाज काढण्याची सवय लागलेला नट तीन हातांवरील यंत्राशीही तसाच बोले.

आणि हे सर्व दोनदा करावयाचे! कारण ‘अयोध्येचा राजा’ मराठीत आणि हिंदीत असा दोन्ही भाषांत तयार झाला. मराठीत एक प्रसंग झाला की तेच नट, त्याच वेषात, त्याच देखाव्यापुढे तो हिंदीत करीत. केवळ मराठी प्रेक्षकांवर खर्च निघणे कठीण, हे त्यामागील रोकडे कारण. युरोपातही त्या वर्षांत हीच धडपड चालली होती. पॅरिसजवळ झ्वांव्हिल येथे पॅरामाउंट कंपनीने एकच कथा निरनिराळ्या देशांच्या नटांकडून अनेक भाषांत करवून घेण्याचा कारखानाच मांडला होता. स्पेनसारख्या जुन्या, अभिमानी राष्ट्रातील निर्मात्यांना आपल्या चित्रांना आवाज देण्यासाठी पॅरिसकडे धाव घ्यावी लागे; बार्सिलोना येथे त्या देशातील पहिला ध्वनिस्टुडिओ निघाला तो १९३२ साली, म्हणजे ‘अयोध्येचा राजा’ लागला त्याच वर्षी. ध्वनियंत्रे कोल्हापूरकरांनाही परदेशचीच घ्यावी लागली, हे खरे. परंतु आपल्या भाषेचा बोलपट त्यांनी आपल्याच गावात, आपल्याच माणसांकडून करून घेतला. एका लहानशा संस्थानाच्या राजधानीतील हे कर्तृत्व मराठी माणसाने अधिक अभिमानाने सांगावयास हवे होते.

मराठी प्रेक्षक थोडे होते म्हणजे किती, आणि कोठे, ह्याचा विचार करू लागले की दृष्टी पुन्हा नर्सी-औंढ्याकडे वळते. मुंबई इलाख्यातील व वऱ्हाड-नागपुराकडील मराठी माणसे सोडली तर मराठीचा मोठा प्रदेश होता तो हैदराबादच्या निजामाच्या राज्यात. औरंगाबाद, बीड, नांदेड, परभणी व उस्मानाबाद हे ते पाच जिल्हे. हिंगोली तेव्हा परभणी जिल्ह्यात मोडे. स्वतंत्र जिल्हा म्हणून तिला स्थान मिळाले ते १ मे १९९९ रोजी. हैदराबाद राज्याच्या लोकसंख्येपैकी सुमारे पाव हिस्सा मराठी बोलणारांचा होता. परंतु कचेरीची व न्यायालयाची भाषा उर्दू; माध्यमिक शिक्षण उर्दूतून; आणि १९१८ साली स्थापन झालेले उस्मानिया विद्यापीठही उर्दू माध्यमाचेच. देशी भाषेतून उच्च शिक्षण देण्याचा तो प्रयोग एका परीने थोर होता, हे नाकारण्याचे कारण नाही. पण देशी भाषा म्हणून निवडली ती बहुसंख्य प्रजेच्या घरातील नव्हे. जाहीर सभा भरवावयाची तर सरकारी परवानगी लागे. साक्षरता अत्यल्प. अशा स्थितीत मराठी उरली होती ती ओवीत, अभंगात, कीर्तनात, बाजारात आणि माजघरात. पाटीवर, शिक्क्यावर, फैसल्यावर ती नव्हती.

मूकपटाच्या पाटीवरील मराठी अक्षरांचा अशा माणसाला काय उपयोग? ती त्याला वाचताच येत नव्हती. बोलपटाने मात्र वाचण्याची अटच काढून टाकली. राजा मराठीत बोलतो, राणी मराठीत रडते, देवर्षी मराठीत गातो, आणि ही मराठी घरातली दबकी बोली नसून भरल्या सभेत मोठ्याने, डौलाने उच्चारलेली भाषा आहे, हा अनुभव मुंबई-पुण्याच्या प्रेक्षकाला संगीत नाटकाने आधीच दिला होता. नाटक कंपन्या ज्या लहान गावांपर्यंत क्वचितच पोहोचत, तेथील माणसाला तो नवा होता. अर्थात तो लगेच सर्वत्र पोहोचला नाही. जत्रेच्या तंबूत हाताने दांडी फिरवून मूकपट दाखविता येत होता. बोलपटाला वीज हवी, ध्वनिवर्धक हवा, जाणता यंत्रचालक हवा. त्यामुळे आरंभी तो मोठ्या शहरांपुरताच राहिला आणि फिरत्या तंबूंबरोबर हळूहळू आत शिरला. मराठवाड्याच्या राजकीय जागृतीचे श्रेय बोलपटाला देणे अतिशयोक्तीचे होईल. ते श्रेय १९३७ साली परतूर येथे पहिले अधिवेशन भरविणाऱ्या महाराष्ट्र परिषदेचे, स्वामी रामानंद तीर्थ आणि त्यांच्या सहकाऱ्यांचे. परंतु भाषेचा मान हा केवळ ठरावांनी वाढत नाही. ती चारचौघांत ऐकू यावी लागते.

मराठवाड्याच्या भूमीतील एक महापुरुष लवकरच पडद्यावर आलाही. पैठणच्या एकनाथांवर प्रभातने ‘धर्मात्मा’ काढला तो १९३५ साली. कंपनी तोपर्यंत, १९३३ मध्ये, पुण्यास आली होती. चित्राचे मूळ नाव ‘महात्मा’. पण त्या नावात आणि अस्पृश्याला जवळ करणाऱ्या नाथांच्या कथेत सरकारी परीक्षकांना गांधीजी दिसले, आणि नाव बदलावे लागले. नाथांची भूमिका साक्षात बालगंधर्वांनी केली. ज्या कंठाने महाराष्ट्राला वीसपंचवीस वर्षे वेड लावले, तो कंठ आता पडद्यावरून ऐकू येणार, ह्याहून मोठे आकर्षण कोणते? तरीही चित्राला अपेक्षित यश लाभले नाही. लोकांच्या मनातील बालगंधर्व म्हणजे रुक्मिणी, भामिनी, सिंधू. दाढीमिशांच्या पुरुषवेषात त्यांना पाहण्याची मनाची तयारी नव्हती. पुढे १९३७ साली त्यांनी ‘साध्वी मीराबाई’त स्त्रीभूमिका केली, तर तेव्हा दुर्गाबाईंसारख्या अभिनेत्रींची सवय झालेल्या कॅमेऱ्याला ते चालले नाहीत. रंगभूमीने ज्या कलावंताला देव केले त्याला पडद्यावर ना पुरुष होता आले ना स्त्री. ह्या शोकान्तिकेत कोणाचाच दोष नव्हता.

ह्याउलट विष्णुपंत पागनीस. तेही पूर्वी रंगभूमीवर स्त्रीभूमिका करीत. परंतु १९३६ च्या ‘संत तुकाराम’मध्ये ते तुकाराम झाले आणि अखेरपर्यंत लोकांनी त्यांना तुकारामच मानले. दामले-फत्तेलाल यांनी दिग्दर्शित केलेल्या ह्या चित्रात पहिल्या बोलपटांचा अवघडलेपणा नाही, नाटकी उच्चरव नाही. पागनीस बोलतात ते शेजारी बसून बोलल्याप्रमाणे. गौरीबाईंची आवली भांडते ती खेड्यातल्या बाईसारखी. चार वर्षांत मराठी पडदा बोलावयास शिकला होता. केशवराव भोळे यांनी चाली बांधल्या त्या भजनाच्या वळणाच्या. शांताराम आठवले यांनी ह्या चित्रासाठी लिहिलेले एक गीत इतके अस्सल उतरले की ते तुकोबांचाच अभंग समजून कित्येक जाणत्यांनीही गाथेत शोधले. मुंबईत हे चित्र एकाच थिएटरात वर्षाहून अधिक काळ चालले, आणि १९३७ साली व्हेनिसच्या महोत्सवात त्याचा गौरव झाला. मराठी न जाणणारा इटालियन त्यात काय ऐकत होता, कोण जाणे. परंतु फिरत्या तंबूत जमिनीवर बसलेल्या वारकऱ्याला ते नवे वाटले नसणार. त्याच्या दृष्टीने ते कीर्तनच होते.

ह्या यशाची किंमत ज्यांनी मोजली त्यांचीही नोंद घ्यावयास हवी. बाबूराव पेंटर हे जन्मजात चित्रकार. ‘सिंहगड’, ‘सावकारी पाश’ हे त्यांचे मूकपट म्हणजे प्रकाशाने काढलेली चित्रे. बोलपट त्यांना कधीच मनापासून मानवला नाही. त्यांच्याच शिष्यांची कंपनी बोलपटाने भरभराटीस आली आणि त्यांची महाराष्ट्र फिल्म कंपनी बंद पडली. बालगंधर्वांची ‘साध्वी मीराबाई’ दिग्दर्शित केली ती पेंटर यांनीच. दोन वेगळ्या कलांतील दोन महान पुरुष, आपापला काळ सरल्यावर, एका बोलपटात एकत्र आले. फाळक्यांनी एकच बोलपट केला, ‘गंगावतरण’, १९३७ साली, कोल्हापूर सिनेटोनसाठी. वय सदुसष्ट. तो चालला नाही, आणि ते नाशकास परतले. तेथेच १६ फेब्रुवारी १९४४ रोजी त्यांचा अंत झाला. नाटकमंडळ्यांची थिएटरे एकामागून एक सिनेमागृहे झाली. रंगभूमी अगदी स्वस्थ बसली असे नव्हे; नाट्यमन्वंतर संस्थेने १ जुलै १९३३ रोजी ‘आंधळ्यांची शाळा’ हे नव्या धर्तीचे नाटक रंगभूमीवर आणले. परंतु खेडोपाडी हिंडणाऱ्या मंडळ्यांना ते बळ कोठून येणार? आणि पडद्याखाली बसून पेटी-तबला वाजविणारे शेकडो वादक? इतिहासाने त्यांतील बहुतेकांची नावे नोंदलेली नाहीत.

पुण्यातील प्रभातच्या आवारात १९६० साली सरकारी फिल्म इन्स्टिट्यूट सुरू झाली. ‘आलम आरा’ची एकही प्रत आज उपलब्ध नाही, हिंदुस्थानच्या पहिल्या बोलपटाचे उरले आहे ते मूक छायाचित्रांच्या व जाहिरातींच्या रूपाने. ‘अयोध्येचा राजा’ मात्र पाहता येतो. फितीवर ओरखडे आहेत, आवाज खरखरतो. तरी टेंबे गातात ते ऐकू येते, आणि दुर्गाबाईंच्या तारामतीचा प्रत्येक शब्द कळतो.